पहिल्या बैठकीआधी

गुन्हा केलेला मुलगा आणि त्याने ज्याचं नुकसान केलं ती व्यक्ती यांची समोरासमोर बैठक तू पहिल्यांदाच घेणार आहेस, तर आधीच सांगतो: खरं काम त्या दिवशी होत नाही, त्याआधी होतं. मुलाला वेगळं भेट, ज्याचं नुकसान झालं त्याला वेगळं भेट; एकदा नव्हे, दोन-तीनदा. 'हो, मीच केलं' असं मुलाने कबूल केलेलं नसेल तर बैठक ठेवूच नकोस. आणि समोरची व्यक्ती कचरत असेल तर गळ घालू नकोस. मुलाच्या भल्यासाठी तिला वेठीला धरणं हा या कामातला सगळ्यात वाईट प्रकार.

'हे म्हणजे पोरांना मोकाट सोडणं' असं कोणीतरी म्हणणारच. १९७४ साली कॅनडातल्या एल्मायरा गावात दोन तरुणांनी २२ ठिकाणी मोडतोड केली होती. तुरुंगाऐवजी त्यांना ज्यांचं नुकसान केलं त्यांच्या दारात जाऊन उभं राहावं लागलं, भरपाई करावी लागली. न्यूझीलंडने तर १९८९ च्या कायद्याने अल्पवयीनांसाठी कुटुंबासह बैठक ही नेहमीचीच वाट केली. बैठकीत, जिचं नुकसान झालं अशी समोरची बाई 'त्या दिवसापासून मी रात्री दिवा मालवत नाही' म्हणते, तेव्हा त्या मुलाला तिथे बसून राहणं सोपं नसतं, बरं का.

अशा वेळी शांतता पसरली की मध्ये बोलू नकोस. मला हे शिकायला फार वेळ लागला. शेवटी मुलगा भरपाई कशी करणार याचा करार लिहाल, त्यात 'चांगलं वागेन' असलं मोघम नको. कुठलं काम, किती तास, लक्ष कोण ठेवणार, एवढंच लिही. पाठपुराव्याची तारीख तिथेच ठरव, नंतर कोणी फोन उचलत नाही.