वाळूचा ट्रॅक्टर तहसीलमध्ये जमा झाला, मालक गाडीवर नव्हता. तरी जबाबदारी त्याची?

हो दादा, मालकाचीच. गाडी भाड्याने दिली होती आणि सायखेड्याजवळ ड्रायव्हर वाहतुकीच्या परवान्याशिवाय (विनापास) वाळूसह सापडला, एवढ्याने सुटका होत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48(7) खाली गौण खनिजाच्या, म्हणजे इथे वाळूच्या, बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो. 48(8) खाली गाडी जप्त होते आणि तिचा दंड वेगळा: ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, डंपरला 2 लाख. दंड भरून, ‘पुन्हा असं करणार नाही’ असा जातमुचलका दिला की मगच गाडी सुटते.

आधी पंचनाम्याची नक्कल हातात घ्या. ब्रास (वाळू मोजायचं माप) किती लिहिलेत ते बघा, कारण दंडाचा सगळा हिशोब त्या एका आकड्यावर चालतो. पास होता म्हणत असाल तर त्यावरचा गाडी नंबर आणि वेळ तपासा. वेळ उलटलेला पास म्हणजे पास नसल्यासारखाच.

तहसीलदारांचा आदेश चुकीचा वाटला तर 60 दिवसांत प्रांताधिकाऱ्यांकडे (तहसीलदारांच्या वरचे महसूल अधिकारी) अपील करा. पोलिसांत चोरीचा गुन्हा दाखल असेल तर तो वेगळा चालतो, महसूलचा दंड भरल्याने मिटत नाही. त्यासाठी आजच वकील गाठा. आणि कृपा करून रात्री परस्पर गाडी आवारातून काढून आणू नका, त्याने नवीन गुन्हा अंगावर येतो.