राउटरला जोडलेल्या उपकरणांच्या यादीत दिसणारं अनोळखी नाव गाडीचं तर नाही ना?

लगेच पासवर्ड बदलू नका. आधी ते उपकरण ओळखा, नाहीतर ते गायब होईल आणि शंका तशीच राहील.

राउटरच्या सेटिंग्जच्या पानावर त्याचा मॅक पत्ता, म्हणजे नेटवर्कवर उपकरण ओळखायचा बारा अंक-अक्षरांचा क्रमांक असतो. त्यातली पहिली सहा अंक-अक्षरं आयईईई ही संस्था उत्पादकाला देते, आणि ती नेटवर शोधता येतात. हरमन, आल्प्स अल्पाइन किंवा पॅनासॉनिक असं नाव आलं तर गाडीचा विचार नक्की करा. तिथे गाडीच्या कंपनीचं नाव क्वचितच दिसतं. दिसतो तो स्क्रीन किंवा वायफायचा भाग बनवणारा. मात्र पत्त्यातलं दुसरं अक्षर २, ६, ए किंवा ई असेल तर हा शोध सोडून द्या. तो पत्ता उपकरणाने स्वतः तयार केलेला असतो. हल्लीचे फोन सर्रास असंच करतात.

खरी खात्री गाडी हलवूनच होते. सगळ्यांचे फोन घरी ठेवा, एकाला गाडी घेऊन चक्कर मारायला पाठवा आणि तुम्ही यादी बघत बसा. फक्त 'सध्या जोडलेली' यादी बघा. आयपी वाटपाच्या (डीएचसीपी) यादीत, म्हणजे राउटरने कुणाला कोणता नेटवर्क-पत्ता दिला त्या नोंदीत, निघून गेलेलं उपकरणही बराच वेळ दिसत राहतं.

गाडीच निघाली तर घाबरायचं कारण नाही. नकाशे आणि सॉफ्टवेअर अपडेटसाठी ती घरचं वायफाय वापरते. तरी तिला गेस्ट नेटवर्कवर, म्हणजे राउटरच्या पाहुण्यांसाठीच्या वेगळ्या वायफायवर टाका, असं मी आग्रहाने सांगेन. गाडी विकताना फॅक्टरी रीसेट कराच; तुमचा पासवर्ड तिच्यात साठवलेला असतो.

गाडी नसेल, तर मात्र आजच पासवर्ड बदला आणि डब्ल्यूपीएस, म्हणजे बटण दाबून किंवा पिन टाकून पासवर्डशिवाय जोडायची सोय, बंद करा.