प्रॉडक्शन डिझायनर आणि कला दिग्दर्शक यांच्या कामात नेमका फरक काय?

पडद्यावरच्या जगाचा रंग, पोत, काळ आणि ऐपत ठरवतो तो प्रॉडक्शन डिझायनर. सुतार, रंगारी आणि प्रॉपर्टीवाले (दृश्यात लागणाऱ्या वस्तू जमवणारे) हाताशी धरून ते जग वेळेत आणि बजेटमध्ये उभे करून घेतो तो कला दिग्दर्शक. मराठी चित्रपटांत बहुधा एकच व्यक्ती दोन्ही कामे करते, म्हणून गोंधळ होतो.

समजा, कोल्हापुरातल्या १९६० च्या सुमाराच्या वाड्यातले स्वयंपाकघर उभारायचे आहे. भिंतीला चुना फासला की काम संपत नाही. चुलीमागे धुराची काजळी कुठवर चढली असेल, उंबरा रोजच्या पावलांनी नेमका कुठे झिजला असेल, पितळेच्या पातेल्यातली कल्हई ताजी हवी की उडालेली, आणि कॅमेरा मागे घेण्यासाठी कोणती भिंत सुटी ठेवावी, हे सारे दिग्दर्शक आणि छायालेखक यांच्याशी बोलून आधीच ठरवावे लागते. (उत्साही मंडळी भांडी लख्ख घासून आणतात आणि दृश्य तिथेच खोटे पडते.)

'प्रॉडक्शन डिझायनर' हे पदनाम १९३९ च्या 'गॉन विथ द विंड' या हॉलिवूडपटासाठी विल्यम कॅमेरॉन मेंझीस यांना मिळाले आणि पुढे रूढ झाले. काम मात्र आपल्याकडे त्याआधीपासून होते. नाटकांचे पडदे रंगवण्यात हात बसलेल्या बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीत, म्हणजे १९२० च्या दशकातच, रंगवलेल्या पडद्यांऐवजी त्रिमित नेपथ्य उभारले. त्यांना कोणी प्रॉडक्शन डिझायनर म्हटले नाही, इतकेच.