तडजोडनामा लिहिताना

सांगली

प्रिय मुलीस,
अनेक आशीर्वाद.

मध्यस्थ होण्याचं 40 तासांचं प्रशिक्षण संपलं, आता 498-अची, म्हणजे नवरा-सासरच्यांनी केलेल्या छळाची, पहिली फाईल न्यायालयाकडून तुझ्यापुढे येईल. दोन्ही घरं 'मिटवून टाका' म्हणतच येतील. तरी आधी फिर्याद देणाऱ्या बायकोला एकटीला बसव. वडील, भाऊ, वकील सगळे बाहेर. मारहाण अजून होते का, इथून जाताना कुणी वाट अडवेल का, पैशांचा आकडा तिचा की भावाचा, हे विचार. होकार भीतीपोटी असेल तर प्रकरण न्यायालयाकडे परत पाठव. अहवालात 'तडजोड झाली नाही' एवढंच लिही. आत काय बोलणं झालं ते बाहेर जाता कामा नये.

'मी फिर्याद मागे घेते' हे वाक्य तडजोडनाम्यात येऊ देऊ नकोस. 498-अ, म्हणजे नव्या भारतीय न्याय संहितेतलं कलम 85, फिर्यादीला आपणहून मिटवता येत नाही. सोबतची शिवीगाळ, साधी दुखापत खालच्या कोर्टात मिटते, पण मुख्य कलम तसंच उरतं आणि सासू-नणंद तारखांना येत राहतात. गुन्हा रद्द होतो तो उच्च न्यायालयात, नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 528 खाली. ग्यान सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या 2012च्या निकालाने ही वाट पक्की केली. 18 ऑगस्ट 2025 पासून सांगली-साताऱ्याला त्यासाठी मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे. गरीब पक्षकाराच्या मुंबईच्या खेपा वाचल्या, हे फार बरं झालं. तेव्हा तिने लिहून द्यायचं ते असं: गुन्हा रद्द करण्याच्या अर्जाला संमतीचं प्रतिज्ञापत्र देईन आणि बोलावल्यास हजर राहीन. अर्जात सगळे आरोपी हवेत. पुण्याला दिलेली नणंद राहून गेली, तर तिच्यापुरता खटला चालूच राहतो.

बहुतेक तडजोडी मोडतात त्या पैशांच्या क्रमावर. समजा, 9 लाख ठरले. सगळे आधी दिले तर प्रतिज्ञापत्राच्या दिवशी ती फिरकत नाही. प्रतिज्ञापत्र आधी झालं तर उरलेला हप्ता बुडतो. म्हणून 3 लाख परस्पर संमतीच्या घटस्फोटाचा अर्ज दाखल करताना, 3 लाख दुसऱ्या जबाबाला (न्यायालयापुढे संमती पुन्हा सांगताना), शेवटचे 3 लाख कोल्हापुरात गुन्हा रद्द होण्याच्या दिवशी. दोन जबाबांमध्ये साधारण 6 महिने जातात (न्यायालय ही मुदत माफ करू शकतं) आणि हुकूमनामा होईपर्यंत कुणीही संमती काढून घेऊ शकतो. तसं झालं तर दिलेल्या पैशांचं काय, तेही आत्ताच लिही. डीडीची मुदत 3 महिन्यांची असते. उत्साहात लवकर काढलेला डीडी कोल्हापूरच्या तारखेला बाद झालेला असतो आणि तिथेच पुन्हा संशय पेटतो. 'उसाचं बिल आल्यावर देईन' चालणार नाही, दिनांक घाल.

दागिने तोळ्यात लिहू नकोस. कुणाचा तोळा 10 ग्रॅमचा, कुणाचा 11.66चा. नग, ग्रॅम, खूण लिही, तुझ्यासमोर वजन करून दे आणि पोचपावती घे.

मुलाची पोटगी आईने सोडली असं लिहिलेलं टिकत नाही, कारण तो हक्क मुलाचा आहे. ती वेगळी ठरव. भेटीचा वार, वेळ, जागा, दिवाळीची सुट्टी, सगळं नेमकं हवं. इथे हवा तेवढा वेळ दे.

खानापूर-आटपाडीकडचा नवरा गलाईच्या (सोनं-चांदी गाळण्याच्या) कामावर परराज्यात असला, तर बैठका व्हिडिओवर घ्यायची परवानगी माग; पण सही त्याचीच, त्याच्या वडिलांची नव्हे.

शेवटी सगळ्या प्रकरणांचे क्रमांक नोंदव: पोलीस ठाण्याचा गुन्हा रजिस्टर नंबर, आर.सी.सी. (कोर्टातल्या फौजदारी खटल्याचा क्रमांक), घरगुती हिंसाचाराचा अर्ज, पोटगी, आणि हमखास विसरला जाणारा पोटगीचा वसुली अर्ज. तो राहिला की घटस्फोटानंतरही अटक वॉरंट दारात येतं. मग सगळा मसुदा मराठीत मोठ्याने वाचून दाखव आणि प्रत्येक पानावर दोघांच्या सह्या घे.

तुझी,
मावशी