रेल्वे कंपनीची आगबोट ‘ब्रसेल्स’

प्रश्न : पहिल्या महायुद्धावरील एका लेखात ‘ग्रेट ईस्टर्न रेल्वेची आगबोट ब्रसेल्स’ असा उल्लेख वाचला. रेल्वे कंपनीला आगबोटी कशासाठी लागत? या बोटीचे पुढे काय झाले?

उत्तर : रूळ किनाऱ्याशी संपत, प्रवासी आणि माल मात्र पुढे जायचे असत, म्हणून ब्रिटनमधील अनेक रेल्वे कंपन्यांनी संसदेकडून अधिकार मिळवून स्वतःच्या आगबोटी चालवल्या. ग्रेट ईस्टर्नने तर १८८३ मध्ये इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरील हार्विचजवळ पार्कस्टन येथे स्वतःचा धक्काच सुरू केला. संध्याकाळी लंडनच्या लिव्हरपूल स्ट्रीट स्थानकात गाडी पकडणारा प्रवासी थेट या धक्क्यावर उतरून बोटीत चढे आणि सकाळी हॉलंड किंवा बेल्जियम गाठी.

सुमारे १,३८० टनांची ‘ब्रसेल्स’ १९०२ मध्ये स्कॉटलंडमधील डंडी येथे बांधली गेली. प्रवासी आणि माल अशा दोन्ही वाहतुकीसाठी ती होती. महायुद्ध सुरू झाल्यावरही तटस्थ हॉलंडकडे तिच्या फेऱ्या चालू राहिल्या. २८ मार्च १९१५ रोजी यू-३३ या जर्मन पाणबुडीने तिला थांबण्याचा इशारा दिला, तेव्हा कप्तान चार्ल्स फ्रायट यांनी न थांबता बोट सरळ पाणबुडीच्या अंगावर घातली. पाणबुडीने घाईने बुडी मारली आणि बोट निसटली. ब्रिटिश नौदल खात्याने त्यांना सोन्याचे घड्याळ दिले व त्यावर बोटीच्या नावासह त्या दिवसाची तारीख कोरली.

हेच घड्याळ पुढे त्यांच्यावर उलटले. जून १९१६ मध्ये हुक ऑफ हॉलंडहून निघालेली बोट जर्मन युद्धनौकांनी पकडून जर्मनांच्या ताब्यातील बेल्जियममधील झीब्रुगे बंदरात नेली, आणि घड्याळावरील मजकूर कप्तानाविरुद्धचा पुरावा ठरला. सैनिक नसताना पाणबुडीवर हल्ला केला, या आरोपावरून २७ जुलै रोजी ब्रुज येथे लष्करी न्यायालयात खटला चालला आणि त्याच संध्याकाळी त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. व्यापारी बोटी पूर्वसूचनेशिवाय बुडवण्याचा इशारा फेब्रुवारी १९१५ मध्येच देणाऱ्या राष्ट्राने असा आरोप ठेवावा, हे विचित्रच म्हटले पाहिजे. शिवाय यू-३३ बुडालीही नव्हती. युद्ध संपेपर्यंत ती शाबूत होती.

पकडलेल्या बोटीला जर्मनांनी ‘ब्रुगे’ असे नाव देऊन झीब्रुगे येथे ठेवले आणि ऑक्टोबर १९१८ मध्ये माघार घेताना बुडवले. जुलै १९१९ मध्ये फ्रायट यांचे शव इंग्लंडला आणून, लंडनच्या सेंट पॉल कॅथेड्रलमधील प्रार्थनेनंतर, हार्विचलगतच्या डोव्हरकोर्ट येथे पुरण्यात आले. त्याच वर्षी बोटही तळातून वर काढण्यात आली. पण रेल्वेच्या सेवेत ती परतली नाही. विक्रीनंतर ती आयरिश समुद्रात गुरे वाहू लागली आणि तिचे नाव ‘लेडी ब्रसेल्स’ झाले. १९२३ मध्ये ग्रेट ईस्टर्न रेल्वे एका मोठ्या कंपनीत विलीन झाली, तरी ही बोट चालूच होती. ती मोडीत निघाली १९२९ मध्ये.