३१ तारखेनंतरची फाइल

पुणे, रविवार

अनेक आशीर्वाद.

तुझा फोन आला तेव्हा मी स्वारगेटच्या बसमध्ये होतो, नीट बोलता आलं नाही. म्हणून लिहितो. तुझ्या टेबलावरच्या विभागीय चौकशीतले गृहस्थ ३१ तारखेला सेवानिवृत्त होताहेत आणि शाखेतले जुने लोक सांगताहेत, माणूस गेला की चौकशी गेली, फाइल नस्तीबद्ध करून, म्हणजे कायमची बंद करून टाक.

करू नकोस. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ काढ आणि नियम २७ सावकाश वाच. नोकरीत असताना सुरू झालेली चौकशी निवृत्तीनंतरही त्याच पद्धतीने पुढे चालते, जणू माणूस अजून हजेरीपटावर आहे. बदलतो तो शेवट. बडतर्फ करायला नोकरी उरलेली नसते, वेतनवाढ रोखायला वेतन नसतं. उरतं निवृत्तिवेतन. गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाला तर ते सगळं किंवा काही भाग, कायमचं किंवा ठरावीक मुदतीपुरतं रोखता येतं, शासनाचं नुकसानही त्यातून वसूल करता येतं.

जुने लोक अगदीच हवेतलं बोलत नाहीत म्हणा. ओरिसाच्या वित्त महामंडळाच्या एका प्रकरणात १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की विनियमांत तरतूदच नसेल तर निवृत्तीबरोबर चौकशी संपते. त्या महामंडळाकडे तरतूद नव्हती, आपल्याकडे नियम २७ आहे. म्हणून महामंडळ, बँक, सहकारी संस्था यांचं ऐकीव उदाहरण कोणी दिलं, तर आधी विचार: त्यांना नियम कोणते लागू?

खरी मेख पुढे आहे. चौकशी 'सुरू झाली' ती कधी? तक्रार आली तेव्हा नाही, प्राथमिक चौकशीचा अहवाल आला तेव्हाही नाही. दोषारोपपत्र दिलं ती तारीख, किंवा त्याआधीच निलंबन झालं असेल तर निलंबनाची. एका प्रकरणात मी बचाव सहायक होतो, म्हणजे आरोप असलेल्या कर्मचाऱ्याची बाजू मांडणारा (कार्यालय कुठलं ते विचारू नकोस). दोषारोपपत्रावर निवृत्तीच्या दिवसाचीच तारीख होती. मी जावक नोंदवही मागितली, बाहेर जाणारी पत्रं तारीखवार नोंदवतात ती. सगळं पान निळ्या शाईत. आमची एकच नोंद काळ्या शाईत, दोन ओळींच्या मधे चेपून बसवलेली, आधीच्याच क्रमांकाला 'अ' लावून. खात्याची बाजू मांडणारे सादरकर्ता अधिकारी बराच वेळ पंख्याकडे बघत बसले.

अशी मागची तारीख घालायला तुला कोणी सांगितलं तर सही करू नकोस. त्याची गरजही नसते. निवृत्तीनंतरही चौकशी सुरू करता येते, फक्त शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांहून जुनी चालत नाही. ही चार वर्षं घटनेपासून मोजायची. लेखापरीक्षणाचा आक्षेप कधी आला त्याच्याशी संबंध नाही. घटना फेब्रुवारी २०२० ची आणि माणूस मे २०२३ मध्ये निवृत्त, तर फेब्रुवारी २०२४ उलटल्यावर दोषारोपपत्र देऊन उपयोग नाही. साहेब लोक इथे हमखास घसरतात.

आता पैशाचं. चौकशी प्रलंबित असली तरी नियम १३० प्रमाणे तात्पुरतं निवृत्तिवेतन द्यावंच लागतं. उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र अंतिम आदेशापर्यंत थांबतं. भविष्य निर्वाह निधी त्याच्या स्वतःच्या पगारातून साठलेला आहे, त्याला हात लावू नकोस. 'चौकशी चालू आहे' असा एक शेरा मारून सगळंच अडवून ठेवणारे लिपिक मी पाहिलेत. झारखंडच्या एका खटल्यात २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निवृत्तिवेतन ही मालमत्ता आहे, नियमाचा आधार नसताना नुसत्या कार्यकारी सूचनेवर ते रोखता येत नाही. असा माणूस मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) गेला की त्याच्यासोबत तुलाही फाइल घेऊन मुंबईच्या फेऱ्या.

आणि तारखा लवकर लाव. निवृत्त माणसाला सुनावणीला बोलावून 'चौकशी अधिकारी दौऱ्यावर आहेत' असं दारात सांगू नये. निदान आदल्या दिवशी फोन कर.

दोषारोपपत्र नेमकं कधी गेलं ते तू सांगितलंच नाहीस. उद्या सकाळी आधी जावक नोंदवही उघड, आणि पोचपावतीवर सही कोणाची आहे तेही बघून ठेव.

तुझे जुने अधीक्षक