शंभर वर्षांपूर्वी ऑस्ट्रेलियात सॉकर खेळणाऱ्यांचं ‘करिअर’ असं काही होतं का, की सगळा हौसेचाच मामला होता?

‘हौसेचाच मामला’ हे शब्द वाचले आणि लिहायला बसलो. याच शब्दांवरून आमच्या घरात तीस वर्षं धुसफूस चालू आहे.

मी कोल्हापूरचा, आता सिडनीच्या दक्षिणेला वुलनगाँगमध्ये राहतो. इथे जवळच बाल्गाउनी आहे, कोळसा खाणवाल्यांची जुनी वस्ती. तिथल्या मैदानाचं नाव ज्युडी मास्टर्स पार्क. ज्युडी हे टोपणनाव, माणूस जेम्स विल्यम मास्टर्स. जन्म 1892 चा, तिथलाच. तो दहा वर्षांचा असताना पलीकडच्या माउंट केंब्ला खाणीत स्फोट झाला, 96 माणसं गेली. तरी पुढे तोही खाणीतच कामाला लागला, दुसरं होतं काय? आणि खेळला बाल्गाउनी रेंजर्सकडून. हा क्लब 1883 चा.

मास्टर्स आघाडीला खेळायचा, गोल करणारा माणूस. पण त्याच्या ऐन उमेदीत ऑस्ट्रेलियाचा संघच नव्हता! वयाची बाविशी गाठली तोवर पहिलं महायुद्ध लागलं, हा सैन्यात गेला. ऑस्ट्रेलियाचा पहिला आंतरराष्ट्रीय सामना झाला थेट जून 1922 मध्ये, न्यूझीलंडमधल्या डनेडिनला. ॲलेक्स गिब कर्णधार, सगळे खेळाडू न्यू साउथ वेल्स आणि क्वीन्सलंड या दोनच राज्यांतले, म्हणून जर्सीही त्यांच्या रंगांची, आकाशी आणि गर्द तांबडी. 3-1 असे हरले. मास्टर्स तेव्हा तीस वर्षांचा होता. त्यानंतर तो देशाकडून खेळला, कर्णधारही झाला. ज्या वयात पाय जड व्हायला लागतात त्या वयात. याला करिअर नाही म्हणायचं तर कशाला म्हणायचं?

आता आमच्या घरचं सांगतो. माझे बाबा उद्यमनगरात फौंड्रीत मोल्डर होते आणि पेठेतल्या तालमीच्या फुटबॉल संघाकडून हाफला, म्हणजे मधल्या फळीत खेळायचे. सेकंड शिफ्ट संपवून रात्री साडेअकराला घरी आले तरी सकाळी सहाला मैदानावर. शाहू स्टेडियमवर पेठांची मॅच म्हणजे काय, ते कोल्हापूरकरांना सांगायला नको. गॅलरीत मुंगीला जागा नसायची, आणि बाबांच्या पायात बॉल आला की आमची अख्खी गल्ली उभी राहायची. पण घरात थोरले काका एकच वाक्य धरून बसलेले: “तुझ्या बानं आयुष्य हौसेत घालवलं.” एका लग्नाच्या पंगतीत, पाहुण्यांसमोर, बाबा वाढायला उभे असताना म्हणाले. बाबांनी काही उत्तर दिलं नाही, पुढच्या पानावर भात वाढला. मी तेव्हा चौदा वर्षांचा होतो. ते अजून डोक्यातून जात नाही.

तीन वर्षांपूर्वी जूनमध्ये आई-बाबा इकडे आले. जून म्हणजे इथे ऐन हिवाळा, फुटबॉलचा हंगाम. बाबांना त्या मैदानावर घेऊन गेलो. कानटोपी, स्वेटर, हात मागे बांधलेले. पाटीवरचं नाव कुणाचं म्हणून विचारलं. मी सांगितलं, देशाचा कॅप्टन होता, कामाला कोळशाच्या खाणीत. बाबा मागच्या डोंगराकडे बघत बराच वेळ उभे राहिले. मग विचारलं, “पाळी कुठली असायची रे याला?”

किती गोल, किती कप, यातलं काही नाही. पाळी कुठली. मैदानावर यायच्या आधी आठ तास अंग मोडून आलेल्या माणसाला तेवढंच विचारायचं असतं.

म्हणून माझं स्पष्ट मत: पगार मिळाला तरच करिअर, ही मोजपट्टीच चुकीची आहे. काका तिनेच मोजत आले. तुम्हीही तिनेच मोजताय.

हां, खेळून पोट भरणारेही काही होते, ते सांगायला हवं. पण त्यासाठी देश सोडावा लागे. जिमी जॅक्सन जन्मानं स्कॉटिश, वाढला इथल्या न्यूकॅसलमध्ये. तो परत ब्रिटनला गेला आणि 1904 मध्ये वूलिच आर्सेनल, म्हणजे आताचा आर्सेनल क्लब, इंग्लंडच्या पहिल्या डिव्हिजनमध्ये चढलं तेव्हा संघात होता. आपल्या क्रिकेटवाल्यांना त्याचा पुतण्या ठाऊक असेल, आर्ची जॅक्सन, पहिल्याच कसोटीत 164 काढणारा. तेव्हा तुमचा प्रश्न अगदीच चुकीचा नाही. आणि मी बोलतोय ते मुख्यतः या खाणपट्ट्याचं, बाकी राज्यांचं चित्र वेगळं असू शकतं.

तुमच्या घरात असा कुणी असेल, नोकरी सांभाळून खेळलेला, तर त्याच्यासमोर ‘हौस’ हा शब्द काढू नका. मॅचच्या दिवशी रजा कशी मिळवायचे, ते विचारा. त्या संध्याकाळी मीही विचारलं. बाबांनी सांगितलं, रजा मिळायचीच नाही. शेजारच्या साच्यावरचे एक मोल्डर बाबांची शिफ्ट ओढायचे, आणि दिवाळीत बाबा त्यांची. हे मला वयाच्या एकेचाळिसाव्या वर्षी कळलं. काकांना अजून माहीत नाही. या दिवाळीला फोन करून सांगणार आहे.